पहिलीतली मुलगी, आठवीतला मुलगा, आम्ही दोघं आणि सासूबाई : घरात सगळ्यांना पुरतील अशी मराठी पुस्तकं कोणती घ्यावीत?

तुम्ही लिहिलंय की घोडबंदर रोडला नुकत्याच राहायला आलात, दोन्ही मुलं इंग्रजी माध्यमात आहेत, सासूबाईंना वाचायची आवड आहे पण डोळे लवकर थकतात, आणि तीन हजारांत सगळं बसवायचंय. बसेल.

आधी पैशांची वाटणी सांगते. तीनातले निदान दीड हजार मुलीच्या पुस्तकांना द्या. लहान मूल एकच पुस्तक रोज रात्री मागतं, पानं सुटेपर्यंत मागतं, म्हणून ते घरचंच हवं. मोठी माणसं कादंबरी एकदा वाचतात आणि ती कपाटात जाते. तुमच्यासाठी आणि सासूबाईंसाठी वाचनालयाचं सभासदत्व घ्या. ठाणे पश्चिमेला सुभाष पथावर मराठी ग्रंथ संग्रहालय आहे, १८९३ साली सुरू झालेलं. ‘महाराष्ट्र सारस्वत’ हा मराठी साहित्याचा इतिहास लिहिणारे वि. ल. भावे त्याच्या संस्थापकांपैकी. घोडबंदरहून ट्रॅफिकमधून यायचं म्हणजे अर्धा दिवस जातो, तेव्हा वेळ आधी विचारून या. आणि येताना मुलांनाही आणा.

मुलीसाठी माधुरी पुरंदरे. शब्दही त्यांचे, चित्रंही त्यांचीच. ‘राधाचं घर’ या संचातली छोटी पुस्तकं आधी घ्या, मग यशच्या गोष्टी. घरातली माणसं आणि रोजचे साधे प्रसंग, एवढ्यावरच ती उभी आहेत. शेवटी तात्पर्य सांगायला कोणी येत नाही, आणि मला तेच फार मोलाचं वाटतं. सोबत विंदा करंदीकरांच्या बालकवितांचं एखादं पुस्तक, ‘एटू लोकांचा देश’ किंवा ‘राणीची बाग’. पुढे ज्ञानपीठ मिळालेल्या या कवीने मुलांसाठी लिहिताना जराही हात आखडलेला नाही. या कविता मोठ्याने, ठेका धरून म्हणायच्या. अर्थ मागाहून येतो.

आता मुलगा. इथे मला जरा सविस्तर लिहायचंय, कारण बहुतेक घरांत घोडं इथेच अडतं. तेरा वर्षांचा आहे म्हणून त्याला तेरा वर्षांच्या मराठी मुलाचं पुस्तक दिलं जातं. पण इंग्रजीत जाडजूड कादंबऱ्या संपवणाऱ्या मुलाचा मराठी वाचायचा दम तिसरी-चौथीतल्या मुलाएवढाच असतो. जोडाक्षरं आली की तो थांबतो, लांब वाक्याच्या शेवटी पोचेपर्यंत सुरुवात विसरतो. मग आपण त्याच्या हातात चौथीचं पुस्तक ठेवतो आणि त्याचा अपमान होतो. तेव्हा विषय त्याच्या वयाचा आणि वाक्य त्याच्या दमाचं, असं पुस्तक शोधायचं.

भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे इथे अजूनही कामाला येतो. फुरसुंगीचा बनेश फेणे पुण्याच्या विद्याभवनात येतो, सायकल दामटतो, नको तिथे नाक खुपसतो. संवाद भरपूर, परिच्छेद आखूड, आणि प्रकरण संपताना पुढचं वाचावंसं वाटतंच. माझ्या भाच्याला मी पहिली दोन प्रकरणं वाचून दाखवली आणि पुस्तक त्याच्या टेबलावर ठेवून दिलं. ‘वाच’ असं म्हटलं नाही. पुढचं त्याने स्वतः वाचलं.

तुमच्या मुलाला विज्ञान आवडत असेल तर जयंत नारळीकरांची ‘यक्षांची देणगी’ द्या. कथासंग्रह आहे, एका बैठकीत एक कथा होते. शास्त्रातल्या मराठी शब्दांना तो अडखळेल, तेव्हा शेजारी बसा; इंग्रजी शब्द सांगितला की कल्पना त्याला तुमच्याआधी कळेल.

‘वाचू आनंदे’च्या कुमार गटाचे दोन भागही पाहून ठेवा. वेगवेगळ्या मराठी लेखकांचे निवडक उतारे आहेत, संपादन पुन्हा पुरंदऱ्यांचंच. चाळता चाळता त्याला कोणता लेखक रुचतो ते कळतं. शिवाय बालभारतीचं ‘किशोर’ मासिक १९७१ पासून निघतंय, आणि जुने अंक बालभारतीच्या संकेतस्थळावर फुकट वाचता येतात. बजेटला धक्काही नाही.

आठवीच्या मुलाला ‘संस्कार होतील’ म्हणून पुस्तक देऊ नका, ही कळकळीची विनंती. त्याला वास लगेच येतो आणि मग पुढची दहा चांगली पुस्तकंही तो नाकारतो. मिलिंद बोकिलांची ‘शाळा’ मात्र वर्षभराने नक्की द्या. आणीबाणीच्या काळातला नववीचा वर्ग आहे, आणि त्या वयातलं आवडणं-झुरणं फार खरेपणाने आलंय. आधी तुम्ही दोघांनी वाचा, म्हणजे त्याच्याशी बोलता येईल.

तुमच्यासाठी एकच नाव सांगायचं तर व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’, १९५५ची. धनगरांच्या वाडीवर कोवळा मास्तर येतो, वाडी त्याला हळूहळू आपलं म्हणते, आणि मग दुष्काळ पडतो. छोटी, लहान वाक्यांची. मुलगा पुढे-मागे तीही उचलेल, म्हणून ही मात्र विकत घ्या. दया पवारांचं ‘बलुतं’ आणि वीणा गवाणकरांचं ‘एक होता कार्व्हर’ वाचनालयातून आणा.

सासूबाईंसाठी लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’. शाळेत न गेलेल्या बाईने बोलावं तसं लिहिलंय. नवऱ्याने धर्म बदलल्यावर संसाराची काय दशा झाली तेही, आणि हसवत हसवत. फक्त घेण्याआधी पान उघडून टाइप बघा. याच्या आवृत्त्या बऱ्याच आहेत आणि काहींची अक्षरं फार बारीक असतात. डोळे थकले तर मुलाला रोज दोन पानं आजीला वाचून दाखवू दे, त्याचा दमही वाढेल.

प्रकाश नारायण संतांचं ‘वनवास’ मुद्दाम शेवटी ठेवलंय, कारण ते घरात कोणाचं हे ठरवता येत नाही. आजी-आजोबांकडे राहणारा लंपन स्वतःच सगळं सांगतो, मध्येच कानडी शब्द पेरतो, आणि त्याची सांगायची तऱ्हा मोठ्याने वाचल्यावर जास्त खुलते. मुलीला यातलं निम्मंच कळेल, तरी बसू द्या. आवडलं तर पुढे ‘शारदा संगीत’, ‘पंखा’ आणि ‘झुंबर’ आहेत.