समुद्र दाखवावा की नाही?

प्रश्न : जॉन मिलिंग्टन सिंग यांच्या 'रायडर्स टू द सी' या आयरिश एकांकिकेवर स्पॅनिश भाषेत चित्रपट करायचा झाल्यास कथानक स्पेनमध्ये न्यावे का? त्यासाठी कोणाची परवानगी लागेल?

उत्तर : कथानक अवश्य न्यावे, मात्र ते कुठे न्यावे यापेक्षा पडद्यावर काय दाखवू नये, हा प्रश्न मला अधिक अवघड वाटतो. १९०४ साली डब्लिनमध्ये रंगभूमीवर आलेली ही एकांकिका आयर्लंडच्या पश्चिमेकडील अरन बेटांवरील एका घराच्या स्वयंपाकघरात घडते आणि मॉर्याचा नवरा, सासरा व मुलगे गिळणारा समुद्र प्रेक्षकाला एकदाही दिसत नाही. तिचा मुलगा मायकेल बुडाला हे त्याच्या बहिणींना मोज्यातील सुटलेल्या टाक्यांवरून कळते. शेवटचा मुलगा बार्टली घोडे विकायला निघतो तेव्हा आईच्या तोंडून आशीर्वाद निघत नाही आणि त्याला राखाडी तट्टू समुद्रात ढकलते तेही दाराबाहेरच. कॅमेऱ्याला हे सारे चित्रित करण्याचा मोह होणारच. पण त्या तट्टूवर बसलेला मृत मायकेल मॉर्याला दिसला, हे तिच्या तोंडून ऐकताना जो थरार वाटतो तो मायकेलला प्रत्यक्ष दाखवल्यास उरणार नाही, म्हणून तिथे कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरच ठेवावा. मूळ नाटक सुमारे अर्ध्या तासाचे असल्याने लघुपट करावा, असे माझे मत आहे. दीड तास भरण्यासाठी वादळे आणि प्रेमप्रकरणे आणावी लागतील.

स्थळाचे म्हणाल तर स्पेनमधील गॅलिसियाचा किनारा मनात प्रथम येतो, पण तेथील कोळ्यांची बोली स्पॅनिशहून वेगळी, गॅलिशियन असल्याने स्पेनमधीलच कँटाब्रिया किंवा चिलीतील चिलोए बेट अधिक सोयीचे ठरेल. पाद्री, तीर्थजल आणि मृतांसाठीची प्रार्थना कॅथलिक समाजात बदलावी लागत नाही, ही मोठीच सवलत आहे. जर्मन नाटककार ब्रेख्त यांनी १९३७ मध्ये याच नाटकाच्या आधारे स्पॅनिश यादवी युद्धातील कोळी कुटुंबाचे नाटक लिहिले. तिथे मुलगा गमावलेली आई अखेर बंदुका बाहेर काढते. हे रूपांतर समर्थ आहे, तरी सिंग यांचा समुद्र त्यात शत्रूच्या बोटींसाठी केवळ पार्श्वभूमी उरतो, त्यामुळे त्याचे अनुकरण करू नये.

परवानगीविषयी सांगायचे तर सिंग १९०९ मध्ये निवर्तले, त्यामुळे मूळ संहिता स्वामित्वहक्कातून (कॉपीराइटमधून) मुक्त आहे. सेनोबिया काम्प्रुबी आणि हुआन रामोन हिमेनेझ यांनी १९२० मध्ये प्रसिद्ध केलेला स्पॅनिश अनुवाद मात्र तसा नाही. ७ डिसेंबर १९८७ पूर्वी निधन झालेल्या लेखकांना स्पेनमध्ये मृत्यूनंतर ८० वर्षे संरक्षण मिळते आणि हिमेनेझ १९५८ मध्ये वारले. त्यांची वाक्ये वापरायची असतील तर वारसांची लेखी संमती घ्यावी, अन्यथा इंग्रजी मुळावरून नवा अनुवाद करून घ्यावा.