५० लाखांचं गृहकर्ज काढलं तर घर शेवटी कितीला पडतं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: गोव्यात पर्वरीला ७० लाखांचा टू बीएचके बघितलाय, इमारतीला ऑक्युपन्सी (राहायला परवानगीचा दाखला) मिळालेली आहे. ५० लाख कर्ज, व्याज ८.५ टक्के. बँकवाले म्हणतात २५ वर्षांची मुदत घ्या, हप्ता आरामात बसेल. सध्या भाडं २२,००० जातं. घर खरं कितीला पडेल, की भाड्यानेच राहिलेलं बरं?

मी फोंड्याचा, बँकेच्या कर्ज विभागातून निवृत्त झालो. ‘हप्ता बसतो’ याचा बँकेच्या भाषेत अर्थ एवढाच की तुमच्या पगारातून तो वसूल होईल. घर तुम्हाला महाग पडलं की स्वस्त, हा हिशेब बँक करत नाही. तो तुमचा तुम्हालाच करावा लागतो.

तर आकडे. ५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं: हप्ता ४३,३९१ रुपये, एकूण भरणा १ कोटी ४ लाख, म्हणजे ५४ लाख व्याज. तेच २५ वर्षं: हप्ता ४०,२६१, व्याज जवळजवळ ७१ लाख. महिन्याला ३,१३० रुपये सुटावेत म्हणून साडेसोळा लाखांच्या वर जादा व्याज. आणि ३० वर्षं केलीत तर हप्ता ३८,४४६ वर येतो, पण व्याज ८८ लाखांच्या पुढे जातं. मुदत जितकी ताणाल तितका हप्ता कमी उतरतो आणि व्याज जास्त चढतं. बँकेतला मुलगा तुम्हाला हप्त्याचा आकडा मोठ्याने सांगेल. शेवटचा आकडा तुम्ही विचारायचा.

आता सही करण्यापूर्वी एक कागद मागून घ्या: परतफेडीचा तक्ता, ज्यात दर महिन्याचा हप्ता व्याज आणि मुद्दल असा फोडून दिलेला असतो. तुमच्या २० वर्षांच्या कर्जाची पहिली ओळ अशी असेल: हप्ता ४३,३९१, त्यातलं व्याज ३५,४१७, मुद्दल ७,९७४. दुसऱ्या महिन्यात मुद्दल ८,०३१. म्हणजे ५७ रुपयांनी वाढलं. ही चाल पुढे वेग घेते, पण फार उशिरा. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि डोक्यावर ४४ लाख शिल्लक असतात. दहा वर्षांत ५२ लाख भरून ३५ लाख शिल्लक. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो बाराव्या वर्षात. यात कोणाची लबाडी नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला मुद्दलच मोठं असतं, म्हणून असं होतं. पण पाच-सहा वर्षांत नोकरीसाठी दुबईला किंवा पुण्याला जाण्याचा विचार मनात असेल, तर तेव्हा घर विकून हातात काय उरेल हे या तक्त्यावरून आजच दिसतं.

याच कारणामुळे जादा पैसे भरायचे तर ते लवकर भरण्यात अर्थ आहे. पहिल्या वर्षअखेर दोन लाख जादा भरले तर २० वर्षांच्या कर्जातले जवळजवळ २१ हप्ते उडतात, व्याजाचे सात लाखांच्या वर वाचतात. तेच दोन लाख पंधराव्या वर्षअखेर भरले तर वाचतो सुमारे एक लाख. चवथीच्या सुमाराला बोनस मिळत असेल तर दरवर्षी एक जादा हप्ता भरून बघा: २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं आठ महिन्यांच्या आसपास संपतं, दहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वी फेडीचा दंड लावायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे, तेव्हा त्याची भीती नको. फक्त पैसे भरताना लेखी सांगा की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. न सांगता सोडलंत तर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात आणि मुदत तशीच राहते. हप्ता कमी झाला म्हणून आपण खूश, आणि वाचणारं बरंचसं व्याज पुन्हा बँकेकडे.

वरचे सगळे आकडे दर २० वर्षं ८.५ टक्केच राहील असं धरून काढलेत. तसा तो राहत नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँकेच्या हाती नसलेल्या आधारदराला जोडलेली असतात, बहुतेक ठिकाणी रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते त्याला. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. आमच्या शेजारच्या एका शिक्षकांनी २०२१ च्या अखेरीस ३० लाखांचं कर्ज ६.७ टक्क्यांनी घेतलं होतं, हप्ता २२,७२२. दीड वर्षाने दर ९.२ वर गेला तेव्हा ते स्टेटमेंट घेऊन माझ्याकडे आले. हप्ता तोच होता, म्हणून त्यांना वाटलं सगळं ठीक आहे. प्रत्यक्षात हप्त्यातले साडेबावीस हजारांच्या आसपास व्याजातच जात होते, मुद्दलात जेमतेम अडीचशे रुपये. त्या गतीने कर्ज त्यांच्या हयातीत फिटलं नसतं. दर आणखी चिमूटभर वाढता तर हप्ता भरूनही मुद्दल वाढत गेलं असतं. मग हप्ता वाढवून घेतला तेव्हा गाडी रुळावर आली.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम काढला: दर बदलला की कर्जदाराला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडंथोडं हे त्याला निवडू द्यायचं, आणि मुदत वाढवताना मुद्दल चढत जाणार नाही हे बघायचं. म्हणजे निवड तुमच्या हातात आहे, पण बँकेचा एसएमएस न वाचता पुसून टाकलात तर नाही. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरायला लागला, तेव्हाही हेच लागू पडतं. दर खाली आला की हप्ता तसाच चालू ठेवा, मुदत आपोआप आखडते.

आणखी एक बारकावा. रेपोवर बँक आपला स्प्रेड, म्हणजे वरचे जादा टक्के लावते. नवीन गिऱ्हाईक ओढायला स्प्रेड कमी करतात, जुन्याचा तसाच राहतो. दोन-तीन वर्षांनी वेबसाइटवर नवीन कर्जाचा दर बघा, तुमचा त्याहून जास्त असेल तर अर्ज द्या. बऱ्याचदा थोड्या शुल्कात कमी करून देतात, नाहीतर कर्ज दुसरीकडे हलवता येतं. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हा बाहेरच्या बेंचमार्कचा नियम लागू नाही, त्या आपल्याच दराला कर्ज जोडतात. रेपो उतरला म्हणून तिथला दर लगेच उतरेल अशी आशा धरू नका.

विम्याचा विषय निघेलच. मंजुरीच्या वेळी ‘कर्जाचा विमा’ म्हणून एकरकमी हप्त्याची पॉलिसी पुढे येते, दीड लाखाची म्हणा, आणि ती रक्कम कर्जातच घालतात. ‘तुम्हाला खिशातून काहीच द्यायचं नाही’ असं सांगतात. ते दीड लाख ८.५ टक्क्यांनी २० वर्षं फेडायचे म्हणजे तीन लाखांच्या वर पडतात. कर्ज देणाऱ्याकडूनच विमा घ्यायची सक्ती नाही. विमा मात्र हवाच, स्वतंत्र टर्म प्लॅन (नुसता जीवनविमा) घ्या. इकडे गोव्यात लग्नानंतर घेतलेलं घर, नाव कोणाचंही असो, वेगळा करार केलेला नसेल तर नवरा-बायकोचं निम्मं-निम्मं असतं. म्हणून बँक दोघांच्याही सह्या घेते. एकाच्या मागे दुसऱ्यावर पूर्ण हप्ता येतो, आणि वारसांचं इन्व्हेंटरीचं, म्हणजे वाटणीचं, काम मिटेपर्यंत घर विकणंही सोपं नसतं.

आता दाराशी लागणारे पैसे. ३० लाखांच्या वर ७५ लाखांपर्यंतच्या कर्जात बँक मालमत्तेच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देते, आणि मुद्रांक व नोंदणीचा खर्च त्या किमतीत धरत नाही. तो सगळा खिशातून. महाराष्ट्रात नोंदणी शुल्काला ३०,००० ची मर्यादा आहे, तिकडच्या नातेवाइकांचं ऐकून तोच आकडा इथे धरू नका. गोव्यात नोंदणी शुल्कही टक्क्यांत भरावं लागतं. दोन्ही मिळून ७० लाखांवर पाच लाखांच्या आसपास बाजूला ठेवा, आणि सध्याचा नेमका दर सब-रजिस्ट्रारकडून किंवा वकिलाकडून विचारून घ्या. ऑक्युपन्सी मिळालेली असल्यामुळे तुम्हाला जीएसटी नाही. बांधकाम चालू असतं तर ५ टक्के, म्हणजे साडेतीन लाख आणखी लागले असते, वर ताबा मिळेपर्यंत भाडं आणि प्री-ईएमआय दोन्ही. प्री-ईएमआयमध्ये नुसतं व्याज जातं, मुद्दल एक रुपयाने कमी होत नाही.

वकिलाच्या फीमध्ये कंजुषी करू नका. एक-चौदाचा उतारा (जमिनीच्या नोंदीचा), सनद (जमीन घरासाठी वापरायची परवानगी), जुने हक्क, मुंडकार (दुसऱ्याच्या जमिनीत घर करून राहणारा) किंवा कुळाचा दावा, विकणाऱ्याच्या बायकोची किंवा नवऱ्याची सही, हे बघणारा माणूस गोव्याचाच हवा. बँकेचा वकील बँकेसाठी बघतो.

देखभालीचं लोक धरतच नाहीत. सोसायटीचे महिन्याला ३,००० धरले तर २० वर्षांत आजच्या भावाने सात लाख. घरपट्टी, रंग, आणि आपला पाऊस. वरच्या मजल्यावरचा फ्लॅट असेल तर गच्चीवर पत्र्याची शेड आहे का, नसेल तर वॉटरप्रूफिंगचा खर्च कोणाकडे, हे आधी विचारा. शक्य असेल तर फ्लॅट जुलैत बघा. मे महिन्यात सगळ्या भिंती कोरड्याच असतात.

तर बेरीज: ७० लाख घर, ५४ लाख व्याज, ५ लाख नोंदणीचे, ७ लाख देखभालीचे. १ कोटी ३६ लाख. इथे बरेच जण घाबरून हात आखडता घेतात, आणि मला ते चुकीचं वाटतं. कारण हे रुपये वीस वर्षांत विखुरलेले आहेत. महागाई ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचे ४३,३९१ म्हणजे आजचे सोळा हजारांच्या आसपास. सगळे हप्ते आजच्या पैशात आणले तर १ कोटी ४ लाखांचे सुमारे ६६ लाख होतात. त्यात तुमचे रोख २० लाख, नोंदणी आणि देखभाल मिळवली तर घर आजच्या पैशात ९८ लाखांच्या आसपास पडतं. खरी किंमत मी हीच मानतो.

दुसऱ्या बाजूला भाडं. २२,००० चं भाडं महागाईबरोबर वाढत गेलं तर २० वर्षांत आजच्या पैशात ५३ लाख, आणि शेवटी हातात काही नाही. ९८ लाखांच्या शेवटी फ्लॅट असतो. त्याची किंमत महागाईइतकी जरी वाढली तरी तुमचं पारडं घराकडे झुकतं. पण वीस वर्षांच्या इमारतीला तेवढी किंमत येईलच असं नाही, आणि भाड्याने राहून उरलेला पैसा कोणी नेटाने चांगल्या परताव्यावर गुंतवत राहिला तर हिशेब उलटूही शकतो. असे लोक मी फार थोडे बघितले. उरलेला पैसा बहुतेकांचा गाडीत जातो.

करसवलतीवर फारसं विसंबू नका. स्वतः राहत्या घराच्या व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे, नव्या पद्धतीत नाही. आणि तुमचं पहिल्या वर्षाचंच व्याज सव्वाचार लाखांच्या जवळ असेल.

मी तुमच्या जागी असतो तर पर्वरीत पाचाऐवजी दहा-बारा वर्षं तरी राहायचं नक्की असेल तरच घेतलं असतं, आणि मुदत २० वर्षं. नोकरी कंत्राटी असेल किंवा घरात एकाचाच पगार असेल तर कागदावर २५ घ्या, पण दर महिन्याला वरचे ३,१३० मुद्दलात जमा होतील अशी स्टँडिंग इन्स्ट्रक्शन, म्हणजे बँकेला कायमची सूचना, पहिल्याच महिन्यात द्या. दर तोच राहिला तर कर्ज वीसच वर्षांत संपेल, आणि अडचणीच्या काळात कमी हप्ता भरायची मुभा राहील.

मंजुरीपत्राबरोबर ‘की फॅक्ट्स स्टेटमेंट’, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, मिळेल. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाला ते द्यावंच लागतं, आणि त्यात शुल्कं धरून पडणारा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर त्या दराने करा. ते आलं की बेंचमार्क, स्प्रेड आणि तो वार्षिक दर इथे खाली लिहा, बघून सांगतो.