बॉटल पाम: खरा कोणता, जपायचा कसा?

प्रश्न : सोसायटीच्या फाटकाशी दहा वर्षांपूर्वी लावलेला बॉटल पाम आता दोन मजल्यांएवढा झाला आहे. ही जात मॉरिशसकडे नामशेष होत चालली आहे असे वाचले. आमच्या झाडाचे बी तिकडे पाठवता येईल का? (ठाणे)

उत्तर : दोन मजले उंच म्हणजे तो बहुधा रॉयल पाम. आपल्याकडचे नर्सरीवाले त्यालाही बॉटल पामच म्हणतात. खऱ्याचे शास्त्रीय नाव हायोफोर्बे लॅजेनिकॉलिस. त्याचा बुंधा जमिनीलगतच फुगतो आणि वर एकदम निमुळता होतो. उंची बहुतेक वेळा तीन-चार मीटर, झावळ्या एका वेळी चार ते आठ, त्याही कमानीसारख्या वाकलेल्या. पाती मधल्या शिरेच्या दोन्ही बाजूंना ताठ उभी असतात. रॉयल पामची पाती मात्र चहूकडे विस्कटलेली दिसतात.

खऱ्याचे घर राउंड आयलंड. मॉरिशसच्या उत्तरेला सुमारे 22 किलोमीटरवरचे, जेमतेम दोन चौरस किलोमीटरचे ज्वालामुखीजन्य बेट. एकोणिसाव्या शतकात तिथे शेळ्या आणि ससे आणून सोडले. रोप उगवले की फस्त! जुनी झाडे वठत गेली, नवी येईनात आणि उघड्या उतारावरची माती पावसाबरोबर वाहून गेली. शेळ्या 1979 पर्यंत आणि ससे 1986 मध्ये हटवले, तेव्हा कुठे रोपे तग धरू लागली.

झाड खरे निघाले तरी बी पाठवू नका. जवळपास स्पिंडल पाम असेल तर दोघांचा संकर होतो. स्पिंडल हा मॉरिशसच्याच रॉड्रिग्ज बेटावरचा भाऊबंद, त्याचा बुंधा मधोमध फुगतो. संकरित बी बेटावर गेले तर मूळ वाणच भ्रष्ट होईल. मातीबरोबर कीडरोग जातील ते वेगळेच.

प्रश्न : आमचा खरा बॉटल पाम आहे. खालच्या झावळ्यांवर नारिंगी ठिपके पडतात, माळी त्या कापतो, तरी पुढच्यांवर येतातच. (कोल्हापूर)

उत्तर : कापतो म्हणूनच येतात. ही पोटॅशची कमतरता. झाड जुन्या झावळीतले पोटॅश काढून नव्या पानाला पुरवते. ती झावळी छाटली की ते वरच्या झावळीतून ओढले जाते. पूर्ण वाळल्याशिवाय झावळीला हात लावू नका. झावळ्यांच्या घेराखालच्या जमिनीवर दर चौरस मीटरला सुमारे 70 ग्रॅम पोटॅशियम सल्फेट आणि त्याच्या निम्मे मॅग्नेशियम सल्फेट, तीन महिन्यांतून एकदा टाका. खत हळूहळू विरघळावे म्हणून दिलेला लेप नसलेले, साधे असेल तर तेवढेच दोन-तीन वेळा विभागून द्या आणि पाणी सोडा. ठिपके पडलेले पान पुन्हा हिरवे होत नाही. फरक नव्या पानांवर दिसतो, जुनी गळून जायला वर्ष-दोन वर्षे लागतात. बुंध्याला खिळे, तारा मुळीच नकोत. पामची जखम भरून येत नाही. शेंड्याचा कोंब तर एकच असतो, तो गेला की झाड गेले.

प्रश्न : बी रुजवायचे कसे? (रत्नागिरी)

उत्तर : पिकून गळलेलेच फळ घ्या. गर खरवडून काढा, तो राहिला तर बुरशी धरते. बी दोन दिवस पाण्यात ठेवा आणि पाणी रोज बदला. मग कोकोपीट आणि जाड वाळू समप्रमाणात घेऊन बी जेमतेम झाकेल इतके वर पेरा. कुंडी उबदार सावलीत हवी, मिश्रण ओलसर हवे, पण चिखल नको. तीन ते सहा महिने लागतात, काही बिया वर्षभरही घेतात. तेव्हा उकरून पाहू नका, नाजूक मूळ तिथेच मोडते.