चलत्चित्राची पहिली पावले

प्रश्न : मी डिचोली तालुक्यातील प्राथमिक शाळेत शिकवते. मुलांसाठी घोडेमोडणी या गोव्यातील लोकनृत्यावर दहा सेकंदांचे ॲनिमेशन करायचे आहे. पण चित्रकला बेताची आहे आणि वेळही थोडा आहे. काय करावे?

उत्तर : बाई, आपण चित्रे काढण्याऐवजी पुठ्ठ्याची कातरकामे वापरावीत. घोडेस्वाराचे धड, हात आणि घोड्याची मान असे वेगवेगळे तुकडे कापून सांध्यांवर दोऱ्याच्या गाठी मारल्या, की तीच बाहुली हवी तशी वळवून प्रत्येक स्थितीचे छायाचित्र घेता येते. चित्रपटात सेकंदाला 24 चौकटी (फ्रेम, म्हणजे स्थिर चित्रे) असतात, परंतु नवशिक्याला 12 पुरेत. तरीही दहा सेकंदांसाठी 120 छायाचित्रे लागतील, म्हणून नाचाचे एकच आवर्तन आठ छायाचित्रांत बसवून ते 15 वेळा जोडावे. घोडेमोडणी ढोल-ताशाच्या ठेक्यावर चालत असल्याने ही पुनरावृत्ती खटकत नाही, उलट शोभते. मात्र आठव्या स्थितीतून पहिलीकडे जाताना झटका बसू नये, याची काळजी घ्यावी.

मोबाईल स्टँडवर घट्ट बसवावा, कॅमेऱ्याचा फोकस व प्रकाशाचे प्रमाण (एक्सपोजर) आपोआप बदलू नये म्हणून ‘लॉक’ करावे आणि खिडकी लावून दिव्याखालीच काम करावे, कारण ढगाआडून ऊन डोकावले की पडद्यावर चित्र लुकलुकते. ‘स्टॉप मोशन स्टुडिओ’ या ॲपमध्ये आधीचे छायाचित्र पुसट दिसत राहते, त्यामुळे बाहुली किती सरकली हे नेमके कळते. हालचालीच्या आरंभी व शेवटी ती थोडीच सरकवावी, मध्ये जास्त. एवढ्यानेच पुठ्ठ्यात जीव येतो. ठेका आधी ध्वनिमुद्रित करावा.