कागद जिथे गप्प होतो

चिरंजीव,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. इतिहास संशोधनाकडे वळावं की ऐतिहासिक कादंबरी लिहावी, असं विचारलं आहेस. मी यातलं एक निवडून देणार नाही. सुरुवातीची बरीच वर्षं दोघांचं काम एकच असतं, ते म्हणजे कागद वाचणं. वाटा फुटतात त्या पुढे, कागद जिथे गप्प होतो त्या जागी. तिथे इतिहासकाराने थांबायचं आणि आपण थांबलो आहोत हे वाचकाला स्पष्ट सांगायचं. कादंबरीकाराला पुढे जायची मुभा आहे. पण कागद नेमका कुठे संपला आणि आपली कल्पना कुठून सुरू झाली, हे त्याला इतिहासकाराइतकंच ठाऊक असलं पाहिजे.

सिंहगडाचंच बघ. ‘गड आला पण सिंह गेला’ हे वाक्य शिवाजी महाराजांचं म्हणून आपण सगळे लहानपणापासून ऐकतो. कृष्णाजी अनंत सभासदाने लिहिलेल्या शिवचरित्राच्या बखरीत महाराज म्हणतात, ‘एक गड घेतला, परंतु एक गड गेला.’ गेलेल्या गडाच्या जागी सिंह असलेलं वाक्य घराघरांत पोचवलं ते हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीने, विसाव्या शतकाच्या आरंभी. शिवाय तानाजी पडला त्याच्या आधीच्या, म्हणजे १६७० पूर्वीच्या कागदांतही सिंहगड हे नाव सापडतं. म्हणजे त्या रात्रीवरून गडाला नाव पडलं, ही समजूत टिकत नाही. पोवाड्यातली घोरपडही सभासदाकडे नाही.

यात हरिभाऊंनी काही गुन्हा केला असं मला मुळीच वाटत नाही. कादंबरीकार म्हणून त्यांनी आपलं काम चोख केलं. गंमत अशी की सभासदाचं वाक्यही कुणी सदरेवर बसून तिथल्या तिथे टिपून घेतलेलं नाही. त्याने बखर लिहिली ती जिंजीला, राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून, १६९७ च्या सुमारास. म्हणजे घटनेनंतर पंचवीसहून अधिक वर्षांनी. महाराजांना जवळून पाहिलेल्या माणसाची ती आठवण आहे. आठवणीला जेवढं वजन द्यायचं तेवढंच तिला द्यावं. तुझ्या वहीत प्रत्येक नोंदीपुढे तीन गोष्टी लिहीत जा: हे कुणी सांगितलं, घटनेनंतर किती काळाने सांगितलं आणि कुणासाठी सांगितलं.

तिसरा प्रश्न सगळ्यांत जास्त टाळला जातो, आणि तो टाळल्याने किती नुकसान होतं हे संभाजी महाराजांच्या बाबतीत दिसतं. मल्हार रामराव चिटणीसांनी बखर लिहिली ती १८१० च्या आसपास. महाराजांना जाऊन तेव्हा एकशेवीस वर्षं होऊन गेली होती. चिटणीसांचे पूर्वज बाळाजी आवजी यांना महाराजांनी १६८१ साली देहदंड दिला होता. घराण्याची ती जखम बखरकाराच्या लेखणीत उतरली नसेल असं म्हणणं कठीण आहे. पुढे ग्रँट डफने १८२६ मध्ये मराठ्यांचा इतिहास छापला, त्याच्या साधनांत ही बखरही होती. मग नाटकं आली, कादंबऱ्या आल्या आणि व्यसनी, उतावळा, बापाचं नाव घालवणारा मुलगा अशी एक प्रतिमा पिढ्यान्‌पिढ्या रंगमंचावर फिरत राहिली. नऊ वर्षं औरंगजेबाच्या फौजेशी झुंजणारा राजा त्या नाटकांत फारसा दिसत नाही.

ती प्रतिमा बदलली ती इतिहास संशोधक वा. सी. बेंद्रे यांनी. त्यांचा संभाजी महाराजांवरचा चरित्रग्रंथ १९६० साली आला. त्यानंतर डॉ. कमल गोखले यांचं संशोधन आलं. या दोघांनी बखर बाजूला ठेवून महाराजांची स्वतःची पत्रं आणि दानपत्रं, इंग्रज-पोर्तुगीजांचे कागद, मोगलांच्या नोंदी एकमेकांसमोर ठेवल्या. त्यानंतर कादंबरीकारांनीही सूर बदलला. कादंबरी लाखो लोक वाचतात आणि संशोधनग्रंथ मोजके लोक, हे खरं. पण पुढची कादंबरी कशी असेल हे त्या मोजक्यांनी वाचलेल्या ग्रंथावर ठरतं, म्हणून त्या कामाला कमी लेखू नकोस.

आता एक धोका उलट्या बाजूचा. जुनी बदनामी पुसण्याच्या भरात काही लेखक माणूसच पुसून टाकतात. राग नाही, शंका नाही, चुकलेला निर्णय नाही, अशी व्यक्तिरेखा उभी राहते. वाचक तिला नमस्कार करतो आणि पुस्तक मिटतो. आपल्या समाजाचा या थोर माणसांवर जीव आहे, आणि त्याचा मान ठेवूनच लिहायला हवं. तरीही खुशामतीसाठी एक वाक्यही लिहू नकोस आणि खळबळीसाठीही लिहू नकोस. दोन्हींत कागदाला डावलावंच लागतं.

मोडी शीक. हे मी आग्रहाने सांगतो आहे. इतिहास संशोधक राजवाड्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ साली काढला, सरदेसाईंनी पेशवे दफ्तरातले निवडक कागद १९३० पासून पंचेचाळीस भागांत छापले. तरी पुण्याच्या दफ्तरात न वाचलेल्या रुमालांचा, म्हणजे कापडात बांधलेल्या कागदांच्या गठ्ठ्यांचा, ढीग अजून मोठा आहे. लिपीइतकीच कालगणनाही शिकायला हवी. पत्राखाली ‘इहिदे सितैन मया व अलफ’ दिसलं की ते अकराशे एकसष्ट हे समजलं पाहिजे, आणि हा सुहूर सन, म्हणजे अरबी अंकनामांत लिहायची जुनी कालगणना, असल्याने त्यात ५९९ मिळवून १७६०-६१, म्हणजे पानिपतचं वर्ष, हे पटकन सुचलं पाहिजे. फसली सनात, म्हणजे महसुलाच्या कालगणनेत, ५९० मिळवायचे. कादंबरी लिहायची असेल तर तिथी आणखी उपयोगाची. तानाजीची रात्र माघ वद्य नवमीची. त्या तिथीला चंद्र उगवतो तो मध्यरात्र उलटल्यावर. कडा चढणाऱ्या मावळ्यांवर पहिल्या प्रहरीच चांदणं पाडणाऱ्या लेखकाने पंचांगही उघडलेलं नाही, हे जाणत्या वाचकाच्या लगेच लक्षात येतं.

कादंबरीचा खरा हक्क मला दिसतो तो वेगळ्याच ठिकाणी. आपलं दफ्तर हे राज्यकर्त्यांचं, हिशेबाचं आणि वतनाच्या भांडणांचं दफ्तर आहे. पानिपतावर फौजेबरोबर हजारो बुणगे, म्हणजे न लढणारी माणसं, होते, यात्रेकरू होते, बायका होत्या. त्यांच्यातल्या किती जणांनी काय पाहिलं याचा कागदच नाही. नाना फडणीस त्यातून वाचले आणि त्यांनी लिहून ठेवलं, म्हणून त्यांच्या आईची ताटातूट आपल्याला कळते. तेव्हा नाना विशीतही नव्हते. ज्यांच्या घरात लिहिणारं कुणी नव्हतं, त्या आयांचं काय झालं हे इतिहासकार प्रामाणिकपणे सांगूच शकत नाही. तिथे कादंबरीकाराने जावं. जाताना मात्र आजची मतं त्या माणसांच्या तोंडी घालू नयेत. त्यांची बोली कशी होती, भीती कशाची होती, हे ऐकायचं असेल तर गावोगावचे महजर वाच. वतनाच्या तंट्यात गोतसभेपुढे, म्हणजे गावच्या न्यायसभेपुढे, लोकांनी दिलेल्या साक्षी त्यांत आहेत. पाटलाच्या नावापुढे नांगराची निशाणी, इतरांच्या नावापुढे ज्याच्या त्याच्या धंद्याचं हत्यार. महजर बनावटही असतात, कारण वतनासाठी माणसं काहीही करत. पण खोटा महजरसुद्धा त्या काळात कुणाला काय पटत होतं हे सांगतो.

पानिपतावर लिहायचं तुझ्या मनात आहे, तर वाचनाचा क्रम असा ठेव. आधी राजवाड्यांच्या पहिल्या खंडातली पत्रं. ती लिहिणाऱ्यांना पुढे काय होणार हे माहीत नव्हतं, म्हणून ती आधी. मग नानांचं आत्मवृत्त. त्यानंतर शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराजाची हकिकत. तो शत्रूच्या छावणीत होता, मराठी होता, आणि त्याने लिहिलं ते पुष्कळ वर्षांनी. भाऊसाहेबांची बखर सगळ्यांत शेवटी वाच. ती इतकी सुंदर लिहिली आहे की आधी वाचलीस तर बाकीचं सगळं तिच्याच डोळ्यांनी वाचशील.

मग लढाईच्या आदल्या, म्हणजे १३ जानेवारी १७६१ च्या रात्रीवर एक प्रकरण लिही. पौष शुद्ध सप्तमी होती. अर्धा चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास मावळला आणि त्यापुढे अंधार. छावणीत धान्य उरलं नव्हतं. हे प्रकरण मला पाठवशील तेव्हा समासात खुणा कर: कुठलं वाक्य कुठल्या कागदावरून आलं आणि कुठलं तुझं स्वतःचं. मी आधी समास वाचेन.

तुझा,
एक जुना वाचक