लेकीला रणगाडा हवाय, मामाला कॉम्प्युटर

चिंचवडहून एका आईचं पत्र आलंय. थोडक्यात असं : मुलगी बारावी सायन्सला, गणित बरं, फिजिक्स चांगलं. दिवाळीत नगरचं रणगाडा संग्रहालय पाहून आल्यापासून तिच्या डोक्यात दुसरं काही नाही. वडील भोसरीत व्हीएमसी, म्हणजे कॉम्प्युटरच्या हुकमाने धातू कापणारं मशीन चालवतात. मामाचं म्हणणं, कॉम्प्युटर घे, मेकॅनिकलला कुत्रं विचारत नाही, आणि रणगाडे तर ड्रोननी कधीच संपवले. त्यात एका संस्थेने 'डिफेन्स टेक्नॉलॉजी'चं सर्टिफिकेट दीड लाखात देऊ केलंय. 'आम्हाला यातलं काही कळत नाही, काय करावं?'

ताई, कळत नाही असं म्हणू नका. तुमच्या घरातला माणूस रोज मायक्रॉनमध्ये, म्हणजे मिलिमीटरच्या हजाराव्या भागात, मापं घेऊन घरी येतो. या विषयातलं बरंचसं त्यालाच विचारता येईल.

आधी मामांचं. रणगाड्याचं कवच समोरून जाड आणि वरून पातळ असतं, ड्रोन नेमका वरून येतो, आणि युक्रेनमध्ये असे पुष्कळ रणगाडे जळाले. इथपर्यंत मामा बरोबर. पण म्हणून कुठल्या मोठ्या सैन्याने रणगाडे भंगारात काढले नाहीत, त्यांच्यात बदल सुरू केले. आपल्याकडचा टी-72 घ्या. सत्तरच्या दशकाच्या शेवटी आलेला, वजन 41 टनांच्या आसपास, इंजिन 780 अश्वशक्तीचं. मार्च 2025 मध्ये त्याच्यासाठी 1,000 अश्वशक्तीच्या इंजिनांचा करार झाला. वाचायला सोपं वाटतं, जुनं काढलं, नवं बसवलं. तुमच्या यजमानांना विचारा, जुन्या मशीनला जास्त ताकदीचा स्पिंडल, म्हणजे हत्यार फिरवणारा दांडा, बसवला तर काय होतं. बेअरिंग बोंबलतात, उष्णता वाढते, मशीनचा बेड, म्हणजे पाया, थरथरतो. रणगाड्याचंही तसंच. ताकद वाढली की गिअरबॉक्सवर ताण, उष्णता बाहेर काढायला मोठी कूलिंग यंत्रणा. वरून ड्रोनसाठी कवच लावलं की वजन वाढतं, मग टॉर्शन बार, म्हणजे पीळ खाऊन चाकांचे धक्के झेलणाऱ्या पोलादी दांड्या, दमतात. आणि एवढं वजन घेऊन ओढा ओलांडायचा तर पूलही तसाच लागतो. आपला स्वदेशी रणगाडा अर्जुन मार्क 1ए तर 68 टनांचा आहे!

याच वजनापायी दुसऱ्या टोकाचं कामही निघालं. 2020 मध्ये लडाखमध्ये रणगाडे चढवावे लागले. तिथल्या विरळ हवेत इंजिनाचा दम जातो. म्हणून डीआरडीओ, म्हणजे सरकारची संरक्षण संशोधन संस्था, आणि एल अँड टी यांनी 25 टनांचा हलका रणगाडा 'जोरावर' बनवला, आणि डिसेंबर 2024 मध्ये 4,200 मीटरच्या वर नेऊन त्याच्या तोफेची चाचणी घेतली. टी-72 ची जागा घेणाऱ्या नव्या रणगाड्यांच्या खरेदीलाही सप्टेंबर 2024 मध्ये पहिली मंजुरी मिळाली आहे. अशी कामं पंधरा-वीस वर्षं चालतात. तुमची लेक शिकून बाहेर पडेल तेव्हा ती संपलेली नसतील.

आता पुणं. ही कामं कुठे चालतात याची पुणेकरालाच कल्पना नसते, आपण पाषाणला फक्त फ्लॅटचे भाव विचारायला जातो. तिथल्या एआरडीई या डीआरडीओच्या शस्त्रांच्या प्रयोगशाळेत अर्जुनच्या 120 मिलिमीटर तोफेचं काम झालं. शेजारी सुतारवाडीला एचईएमआरएल, ही डीआरडीओची स्फोटकांची प्रयोगशाळा. रणगाड्याच्या अंगावर विटांसारखे डबे लावलेले तिने नगरला किंवा फोटोत पाहिले असतील. त्यात दोन पत्र्यांमध्ये स्फोटक असतं, शत्रूचा मारा लागला की ते बाहेरच्या बाजूला फुटून त्याची धार मोडतं. ते काम सुतारवाडीचं. दिघीच्या डीआरडीओ प्रयोगशाळेत लष्करी पूल आणि 'दक्ष' हा बॉम्ब हाताळणारा रोबो तयार झाला. नगरला व्हीआरडीई, ही डीआरडीओची वाहनांची प्रयोगशाळा, तिथे आठ चाकी चिलखती गाडीचा आराखडा झाला. खासगीत मुंढव्याची भारत फोर्ज आहेच.

म्हणून माझं मत : मेकॅनिकल किंवा मेटलर्जी, म्हणजे धातूंचं इंजिनिअरिंग. मेटलर्जीकडे कोणी बघत नाही, मला मात्र तीच जास्त आवडते, कारण कवच, तोफेची नळी, टॉर्शन बार हे सगळे शेवटी पोलादाचेच प्रश्न आहेत. पुण्याच्या सीओईपी या जुन्या इंजिनिअरिंग कॉलेजात ही शाखा आहे. तिला रात्री दिसणाऱ्या थर्मल दुर्बिणीत किंवा नेमबाजीच्या गणितात रस असेल तर इलेक्ट्रॉनिक्स किंवा मामांचं कॉम्प्युटरही चालेल, त्यात कमीपणा नाही. पुढे पदवीनंतरची गेट परीक्षा देऊन डीआरडीओत शास्त्रज्ञ होता येतं, किंवा गिरीनगरच्या डायट या संरक्षण तंत्रज्ञानाच्या संस्थेत एमटेक करता येतं.

सर्टिफिकेटचे दीड लाख मात्र वाचवा. मी स्वतः एकदा एका मुलाला नाव भारदस्त म्हणून असाच एक कोर्स सुचवला होता. तीन वर्षं तो नोकरीसाठी फिरला. चूक माझी होती. प्रयोगशाळा असो की कंपनी, मूळ शाखेची पदवी पाहतात.

एक अप्रिय गोष्ट आताच सांगतो, नंतर कळून ती रुसायला नको. वर्दी घालून रणगाडा चालवायचाय असं तिच्या मनात असेल, तर आर्मर्ड कोअरमध्ये, म्हणजे सैन्याच्या रणगाडा दलात, महिला अधिकाऱ्यांना अजून प्रवेश नाही. तोफखान्यात 2023 पासून आहे. ईएमई, म्हणजे सैन्याच्या यंत्रांची देखभाल करणाऱ्या कोअरमध्ये मात्र मुली आहेत, आणि बंद पडलेला रणगाडा पुन्हा उभा करायचं काम त्यांचंच. एनडीएच्या, म्हणजे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीच्या, मुलींची पहिली तुकडी, 17 जणींची, मे 2025 मध्ये खडकवासल्याहून बाहेर पडली. तिथल्या प्रवेशाची परीक्षा बारावीत असतानाच देता येते, वयाची अट साडेसोळा ते साडेएकोणीस. इंजिनिअरिंगनंतरही सैन्यात टेक्निकल शाखांचा रस्ता आहे. दोन्ही दारं उघडी ठेवा.

इंजिनिअरिंग प्रवेशाच्या कॅप फेरीत कॉलेजांचे पर्याय भरायच्या आधी तिला नगरला पुन्हा घेऊन जा. या वेळी काही समजावू नका, मागे उभ्या राहा. 1965 च्या युद्धात पकडलेल्या पाकिस्तानच्या पॅटन रणगाड्यापाशी ती तोफेकडे बघते, पट्ट्यांखाली वाकते, की आत कोण बसत असेल हे विचारते, एवढं लक्षात ठेवा. मग मला पत्र पाठवा, पण या खेपेला तिच्या हातचं. दोन ओळी चालतील.