अनुबोधपट की माहितीपट? आधी चंदन उगाळा

प्रश्न आलाय की फिल्म्स डिव्हिजनच्या, म्हणजे सरकारच्या फिल्म काढणाऱ्या खात्याच्या, त्या धरणांवरच्या, पोलाद कारखान्यांवरच्या, ग्रामविकासावरच्या जुन्या फिल्म्सना माहितीपट म्हणायचं, अनुबोधपट की वृत्तपट. वृत्तपट तर नाहीच नाही! पेडर रोडचं सिनेमा म्युझियम बघून आलेली मंडळीसुद्धा सरसकट वृत्तपट म्हणतात तेव्हा डोकंच फिरतं. इंडियन न्यूज रिव्ह्यू, म्हणजे थिएटरात लागणारी बातम्यांची रीळ, हा वृत्तपट. भिलाईची भट्टी दाखवणारी फिल्म ही वेगळी जात. अहो १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यातसुद्धा बातम्यांच्या फिल्म्स आणि डॉक्युमेंटरी अशी वेगवेगळी नावं आहेत, सरकारला कळतं ते आपल्याला कळू नये?

आता अनुबोध. बोध म्हणजे काय ते सगळ्यांना माहितीये, सोडा. मोनियर विल्यम्सच्या संस्कृत-इंग्रजी कोशात 'मागाहून आठवणं' असा अर्थ दिसला की विद्वान लोक तिथेच कोश मिटतात आणि शब्द चुकीचा पाडलाय म्हणून आपल्याला शिकवतात. अजून दोन शब्द वाचले असते तर तिथेच सुगंधाचाही अर्थ सापडला असता! अमरकोशात, म्हणजे जुन्या संस्कृत शब्दकोशात, माणसांबद्दलच्या मनुष्यवर्गात, प्रबोधन आणि अनुबोध हे समानार्थी दिलेत, आणि अर्थ काय, तर अंगाला लावलेल्या उटीचा वास उडाला की तो परत जागा करणं. (तिथेच शेजारी 'चर्चा' पण आहे, ती पण चंदनाचीच, चंदनचर्चित मधली.)

शब्द पाडणाऱ्याच्या डोक्यात हे नसेलही, पण इतका फिट बसतो की काय सांगू. ४७ चा दरवळ ओसरायला लागलेला, ४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आली, ५५ ला मद्रासजवळच्या आवडी गावच्या अधिवेशनात काँग्रेसने समाजवादी धर्तीची समाजरचना ठरवली आणि थिएटरवाल्यांना लायसन्सच्या अटीपायी मेन पिक्चरआधी या रिळा दाखवाव्याच लागायच्या, वर भाडंही भरायचं. भेगाळलेली जमीन, काँक्रीटची बादली, नेहरू, धरणातून सुटलेलं पाणी, हसणारा शेतकरी, आणि वर निवेदकाचा खर्जातला आवाज. गावात नळ येवो न येवो, उटी मात्र ताजी. पब्लिक तोवर बाहेर सिगरेट ओढत उभं, ते सोडा.

हां, माहितीपट. आकडे आणि यंत्रं कळावीत एवढाच हेतू असेल तर खुशाल म्हणा. पण भाक्रा-नांगलवाल्या फिल्म्सना अनुबोधपटच, आणि कंपन्या हल्ली ड्रोन उडवून गावविकासाचं जे काही काढतात त्याला सरळ जाहिरात म्हणा.